आवाज भरताना

अंधेरीच्या एमआयडीसीत, बिस्किटांच्या जुन्या गोदामामागे
आमची खोली. भिंतींना गाद्या, जमिनीत सहा खड्डे:
वाळू, खडी, फरशी, माती, लाकूड, पाणी.
मी पडद्यावरच्या माणसांना पावलं देतो.
दरोडेखोरांना दिली, नवरीला दिली,
शंभर घोडे एका नारळाच्या
दोन करवंट्यांवर पळवले.

फ्रेनीबाईंनी आणलेली लढाईची फिल्म मुकी आहे.
एकोणीसशे सोळा. मुंबईची गोदी. बोट बसऱ्याला निघालेली.
नऊ मिनिटं अकरा सेकंद,
आणि त्यात लढाई कुठेच नाही.
टोप्या आहेत. बँड आहे. एक मडम
जखमींना सिगारेटी वाटते, दोनदा,
कारण पहिल्यांदा तिचा चेहरा सावलीत गेला होता.
तोफेचा धूर आहे, पण तो म्हणे सरावाचा, पुण्याकडचा.
"मग खरी लढाई?"
"तिथे कॅमेरा नेला नाही," फ्रेनीबाई म्हणाल्या,
"तिथे माणसं खेचरं कापून खात होती."

डब्यात एक पिवळं कार्ड, टाईप केलेलं.
खेचरं दोनशे बारा. तोफा चार. गवताच्या गासड्या नऊशे.
साहेबांची नावं, हुद्द्यांसकट.
सगळ्यात खाली: फॉलोअर्स.
पुढे आकडा नाही.
ग्लॅडविन मिक्सरमागून हसला, "किती फॉलोअर्स, ते लिहिलंच नाही?"
मग बराच वेळ कोणी बोललं नाही.

दुपारपर्यंत साहेब उरकले.
टाचेला नाल ठोकलेले बूट, खाली सागाची फळी.
पहिल्याच टेकला ओके.
क्रेनसाठी समोरच्या गॅरेजची साखळी आणली.
एक खेचर पट्ट्यात लोंबकळत वर जातं,
हवेत चारही पाय चालवतं.
त्यावरून आमचं भांडण झालं.
हवेतल्या पायांना आवाज नसतो, मी म्हणालो.
ते खेचर तसंच मुकं ठेवलं.

चौथ्या मिनिटाला फळीवरून माणसं येतात.
डोक्यावर पेट्या, कमरेला पंचा.
सोळाची फिल्म चोविसाने चालवली, तर
सगळे तुरुतुरु पळतात, विनोदी नटांसारखे.
फ्रेनीबाईंनी वेग उतरवला
तेव्हा कळलं, ओझं किती होतं.

मी सवयीने बूट उचलले आणि थांबलो.
एकाच्याही पायात काही नव्हतं.

ओलं चामडं आपटून पाहिलं. मासळी वाटली.
तळहात मारून पाहिले. टाळ्या वाटल्या,
आणि टाळ्या मडमबाईंना देऊन झाल्या होत्या.
शेवटी मोजे काढले. वाळूचं पोतं डोक्यावर घेतलं,
कारण रिकाम्या माणसाची टाच वेगळी पडते,
डोळ्यांना नाही कळत, माइकला कळतं.

एकेकाची चाल वेगळी निघाली.
डावा ओढणारा. फळीच्या कडेला भिणारा.
एक पोरगा, मोठ्यांच्या ढांगा गाठता गाठता
मध्येच उडी मारणारा.
सतराव्याने कॅमेऱ्याकडे पाहिलं.
थांबला नाही. नुसती मान वळवली,
रस्त्यात कुणी हाक मारली असं वाटून
वळवतो तशी.
तेवढ्यात कॅमेरा बँडकडे फिरला.

आमच्या गावी शाळेच्या भिंतीत एक पाटी आहे:
या गावातून एकतीस माणसं लढाईस गेली.
आम्ही तिला टेकून डबे खायचो.
सतरावा आमच्या गावचा होता, असं मी म्हणणार नाही.
फ्रेनीबाईंना ते फार आवडलं असतं,
म्हणून तर नाहीच.

पोतं डोक्यावर होतं, मी चालत राहिलो.
"कट," ग्लॅडविन म्हणाला, "तिथे चित्र नाहीये."
बोट अजून दूर होती.
मी आणखी चार पावलं टाकली.

रात्री पेन्सिलीने कार्डावर लिहिलं:
चौसष्ट, दिसले तेवढे.
ती चार पावलं ग्लॅडविनने पुसली नाहीत,
बँडच्या खाली ठेवली आहेत.
थिएटरात बहुधा ऐकू येणार नाहीत.